साहेबाच्या पोटासाठी कौल

पोलादपूरच्या वरच्या अंगाला, डोंगरात माझं सासर. उन्हाळ्यात सगळी वाडी जंगलात हिरडे वेचायची आणि अंगणात वाळवायची. महाडचा व्यापारी लॉरी घेऊन खाली सडकेवर यायचा आणि पोती उचलायचा. माल बोटीनं विलायतेला जातो, एवढंच त्यानं सांगितलेलं. तिकडे त्याचं काय करतात, हे वाडीनं आपलं आपण ठरवून टाकलं होतं. आम्ही हिरडा घेतो तो पोट साफ व्हायला. बोटी भरभरून नेतात, म्हणजे अख्ख्या विलायतेचा कोठा जड. सासूबाई तर कळवळायच्या, "नुसता पाव खातात गो ते. व्हनार कसा?"

माझ्या लग्नाला वर्षही झालं नव्हतं, त्या उन्हाळ्यात व्यापारी रिकामी लॉरी घेऊन परत गेला. विलायतेहून मागणी नाही म्हणाला. साहेब बरा झाला, असं वाडीनं निदान केलं. मला मात्र धडकी भरली. हिरडा खपला नाही तर आमचे हे मुंबईला गिरणीत जाणार, असं घरात ठरलेलं होतं.

मामंजींनी, म्हणजे सासऱ्यांनी, गुरवाला घेऊन देवळात कौल लावला. "बा देवा महाराजा, साहेबाच्या पोटाला पुन्यांदा गाठ मार. जास्ती नको, मरल तो. आपला हिरडा खपल एवढीच." देवाला लावलेली पाकळी उजवी पडली, म्हणजे देवाचा होकार. परक्या माणसाचं वाईट चिंतत मी मनापासून हात जोडले होते, आणि मला जराही लाज वाटली नाही.

पावसात पोत्यांना बुरशी आली आणि हे मुंबईला गेले. गणपतीला आले ते शहाणे होऊन. हिरडा तिकडे खात नाहीत, त्यानं चामडं कमावतात, आणि आता त्यासाठी कसलीशी पावडर निघालीय, म्हणाले. सासूबाईंना काही ते पटलं नाही. मामंजी विचारात पडले.

"म्हंजे गाऱ्हाना आपनच चुकीचा घातला. देवाचा काय दोष नाय."

दुसऱ्या दिवशी पुन्हा कौल. पावडरीचं चामडं फाटू दे, साहेबाला हिरड्याची आठवण होऊ दे. पाकळी पुन्हा उजवी. मी इतकी खूश झाले की ह्यांची पिशवी भरायलाच घेतली नाही.

विसर्जन झालं आणि हे निघालेच. मी सडकेपर्यंत गेले. एसटीत चढताना ह्यांच्या पायांकडे लक्ष गेलं. मुंबईहून आणलेल्या नव्या वहाणा, रबराच्या. स्वस्त पडतात, म्हणाले.

देवावर मी रागावले नाही. ह्यांच्याशी मात्र शिमग्यापर्यंत अबोला धरला. हे तिकडे मुंबईत. त्यांना तो कळलाही नाही.