शमीमभाभींच्या कबरीवरची लिली

युसुफभाई गेल्याचा फोन त्यांच्या मुलीने, नसरीनने केला, तेव्हा मी शाळेतून येऊन नुकताच टेकलो होतो. "काका, अब्बू गेले," एवढंच ती म्हणाली. त्याला आता दीड महिना झाला. सांगायला लाज वाटते, पण दुःखाच्याही आधी मनात आलं ते हे, की आता त्यांना खरं सांगायचं राहूनच गेलं...

लोहाऱ्याच्या रस्त्यावर त्यांचं मोटर वाइंडिंगचं दुकान. आमच्या विहिरीवरची जळालेली मोटर घेऊन मी तिथे गेलो आणि दोस्ती घेऊन परतलो. दुकानापुढे पांढऱ्या स्पायडर लिलीचा ताटवा होता, शमीमभाभींनी लावलेला. भाभी गेल्यावर त्यातलेच कंद काढून त्यांनी कबरीवर लावले. पावसाळ्यात ते फुलले की दर शुक्रवारी नमाजनंतर तिथे जाऊन बसत. यंदा उन्हाळ्यात कबरस्तानाच्या कुंपणाच्या कामात ते कंद उखडले गेले आणि त्याच सुमारास युसुफभाईंच्या हृदयाने दगा दिला. चार पावलं चालवेना. घरात दुसरा पुरुष नाही, आणि त्यांच्या घरच्या बायका कबरस्तानात जात नाहीत. म्हणून त्यांनी पिशवीभर कंद माझ्या हाती दिले.

"मास्तर, मृगाचे दोन-तीन पाणी पडू द्या, माती वली झाली की लावा. काळ्या मातीत रेती-मुरूम मिसळा, नाही तं कंद सडते. अन् त्याची मान बाहेर राहू द्या."

मी म्हणालो, फुलसावंगीच्या हळदवाल्याच्या पोराला तुम्ही कंद लावायला शिकवता काय? ते हसले. म्हणाले, "शिकवून राह्यलो."

मी ऐकलं नाही. आमच्या घरी हळदीचं बेणं मातीत पुरतं झाकतात, ते बघत मी वाढलो. मान बाहेर ठेवणं मला अडाणीपणाचं वाटलं. मुरूम आणायचाही कंटाळा केला. बोटभर खोल खड्डे, वर काळी माती, हाताने चोपून घट्ट बसवली. आषाढ सरता सरता उकरून पाहिलं तर हाताला नुसता लगदा लागला.

ताटव्यातले दुसरे कंद मागून पुन्हा लावता आले असते. पण मागायचे तर चूक सांगावी लागली असती. मी खोटं बोललो. शाळा सुटली की दर शुक्रवारी त्यांच्या खाटेशी जाऊन बसायचो. किती फुलं आली, ते विचारायचे. दोन आली, म्हणालो. पुढच्या खेपेला पाच. "वास येते का?" येतो, म्हणालो. "दिवस बुडताना जास्त येते," म्हणाले आणि डोळे मिटून घेतले.

दफनाच्या दिवशी त्यांना भाभींच्या शेजारीच ठेवलं. मूठभर माती टाकताना बाजूची ती उघडी, काळी जागा सगळ्यांना दिसत होती. माझी मान वर झाली नाही.

मागच्या आठवड्यात नसरीन एक बिस्किटाचा डबा घेऊन आली. आत कोरड्या रेतीत लिलीचे कंद. अब्बूने भादव्यात ताटव्यातून काढवून घेतले, तुमच्यासाठी, म्हणाली. मग जरा थांबून बोलली, "काका, श्रावणात एका जुम्म्याले अब्बू रिक्षा करून अम्मीच्या कबरीवर गेलते. घरी येऊन म्हणे, मास्तरले काही बोलू नका, त्याईले वाईट वाटन."

श्रावणात. म्हणजे त्यानंतरही कितीतरी शुक्रवार ते मला फुलं विचारत राहिले, आणि मी मोजून सांगत राहिलो...

ती गेल्यावर एक कंद उचलून पाहिला. मानेच्या खाली, गोल फिरवून, वाइंडिंगच्या लाल वार्निशने ओढलेली रेघ. माती इथवर. दुसरा पाहिला, तिसरा पाहिला. सगळ्यांवर रेघ होती. त्या दिवसांत त्यांच्या हातात पाण्याचा पेला ठरत नव्हता. बऱ्याच रेघा वाकड्या आल्या आहेत.

डबा माझ्या टेबलावर आहे. मृगाला अजून सात महिने आहेत आणि कबरी आता दोन आहेत. रोज शाळेत निघण्याआधी मी झाकण काढतो, रेती कोरडी आहे ना ते बोटाने बघतो, आणि एकेका कंदावरून, त्या रेघेवरून, बोट फिरवतो.