पडद्यावरची याडी

माहितीपट काढणारा तो यवतमाळचा माणूस फुलसावंगीत प्रत्येकाला कॅमेऱ्यासमोर बसवून विचारायचा, "नाव नोका सांगू, तुमी कोन हा ते सांगा!" बोलताना त्याचा पाय जमिनीवर ठरत नसे.

साठ-एकसष्टची गोष्ट. मी तिथे मास्तर होतो. शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या लावून त्याने ती चित्रं गावाला दाखवली. पडद्यावर तांड्यातली म्हातारी हसली आणि समोर बसलेली तीच म्हातारी ओरडली, "अवो मास्तर, हे तं माही याडी! मरून गेलती ना!" याडी म्हणजे आई. लोक हसले.

तो मात्र मशीन सोडून धावला आणि तिच्याशेजारी बसला. "माय, ते तूच होय!"

तिने टक लावून पाहिलं. मग खुशीत म्हणाली, "म्हंजे आमी दोघीबी हाओ तिथं!"

रीळ संपून पडदा पांढरा झाला, तरी त्याचं चालूच होतं, "पुन्हा म्हण, माय, पुन्हा म्हण!"