माझ्या बंबावरचं हैदराबाद

मामंजी माझ्याशी बोलत नसत. ते स्वयंपाकघराच्या चौकटीशी बोलत. सासूबाई होत्या तोवर निरोप त्यांच्याकडून यायचा. त्या गेल्यावर मध्ये कुणी उरलं नाही, तेव्हा मामंजींनी त्यांच्या जागी चौकट धरली. दाराबाहेर उभं राहायचं, नजर चौकटीच्या वरच्या कोपऱ्यात, आणि म्हणायचं, "चहा झाला असंल तर बघा म्हणावं." मी आत हातभर अंतरावर असायची. उत्तर बांगड्यांनी द्यायची. बांगड्या वाजल्या म्हणजे हो. काही वाजलं नाही म्हणजे नाही. ही रीत कुणी बसून ठरवली नव्हती, पण सासूबाईंच्या मागं आमचं घर तिच्यावरच चाललं.

गल्लीत त्यांना बॉयलरमामा म्हणत आणि त्यांचं फार कौतुक करत. ते ज्यांच्या घरात राहत नव्हते त्यांना कौतुक सोपं होतं.

लातुरातल्या एका तेलगिरणीत त्यांनी उभी जिंदगी बॉयलर सांभाळला. गिरणीनं तो बॉयलर मोडीत काढला त्या दिवशी ते त्याचं वाफेचा दाब दाखवणारं गेज टॉवेलात गुंडाळून घरी घेऊन आले आणि देवघराच्या वर खिळा मारून टांगलं. पितळेची गोल चकती, आत काटा, काटा कायम शून्यावर. नवीन पाहुणे ते घड्याळ समजून त्यात वेळ बघायचे. मी दर शनिवारी देव घासायची तेव्हा तेही घासावं लागे. देव एक वेळ काळे राहिले तर चालत, गेज नाही.

माझ्या कुकरवर त्यांचा राग होता. शिटी झाली की बाहेरून चौकटीला ऐकू यायचं, "वाफ वाया चालली. एवढ्या वाफंवर एक पंप चालला असता." मी गॅस बारीक करायची. मग वरण कच्चं राहायचं आणि जेवताना चौकटीला दुसरा निरोप यायचा, "डाळ शिजली न्हाई म्हणावं." वीज गेली की मात्र त्यांचा चेहरा खुलायचा. सगळी गल्ली घामानं निथळत असायची आणि मामंजी बाहेरच्या ओट्यावर बसून म्हणायचे, "वीज मागावी लागती. वाफ करावी लागती." वीज आली की उठून आत जायचे, जणू कुणी नावडतं माणूस आलं.

हैदराबादचं खूळ माझ्या मुलीनं, पूजानं आणलं. ती तेव्हा कॉलेजात होती. एका दुपारी तिनं आजोबांना मोबाईलवर चित्रं दाखवली. व्हिक्टोरिया राणीच्या काळात वाफेच्या यंत्रांचं राज्य होतं. मग वीज आलीच नसती, वाफच पुढं पुढं गेली असती, तर लंडन कसं दिसलं असतं अशी ती चित्रं. पितळेचे बुरूज, दातेरी चाकांची घरं, आभाळात धुराडं असलेली जहाजं. मामंजींनी चष्मा पुसून पुसून बघितली.

"लंडनला काय कमी हाय," ते म्हणाले. "जो तो लंडनच करायला. हैदराबादचं कुणीच कसं केलं न्हाई?"

"मग तुम्ही करा की, आबा," पूजा म्हणाली.

लहानपणी ते वडिलांबरोबर एकदाच हैदराबादला गेले होते, दोन दिवस. चारमिनारवरची घड्याळं आणि स्टेशनातली काळी इंजिनं एवढंच त्यांनी बघितलं होतं. त्या दोन दिवसांची गोष्ट आम्ही इतक्यांदा ऐकली होती की मलाही ते शहर पाठ झालं होतं.

मागच्या अंगणात पत्र्याची खोली होती. तिथं माझ्या तुराट्या, गोवऱ्या आणि उन्हाळ्यातल्या सांडग्यांचे डबे असत. एका सकाळी ते सगळं बाहेर पावसात. आत हैदराबाद सुरू झालं. मग माझं घर एकेका वस्तूनं तिकडं जायला लागलं. स्टोव्ह गेला, त्याची पितळी टाकी आणि पंप घेऊन. सासूबाईंचा पानाचा डबा गेला. कंदील गेले, त्यांची जहाजं झाली. जुन्या सायकलची साखळी मुशी नदीच्या पुलावरून ट्राम ओढायला गेली. पितळेच्या नळ्या कापून त्यांनी चार मिनार केले, मधे चार दिशांना चार घड्याळं. हात सोन्याचे होते, ते मी नाकारत नाही. पण त्या हातांनी कधी कुणाला विचारून वस्तू उचलली नाही.

माझ्या घरात माझं म्हणावं असं एकच होतं. बंब. तांब्याचा, कंबरेएवढा, सिंहाच्या तोंडाच्या नळाचा. लग्नात आईनं दिला. माहेरून, मुरुडहून टेम्पोत येताना वाटेत आडवा होऊ नये म्हणून मी शालू नेसून त्याला धरून उभी होते. थंडीत सगळ्यांच्या अंघोळी झाल्या की शेवटचं पाणी माझं. राखेत धुगधुगी असायची, पाणी कढत असायचं आणि तेवढा वेळ मला कुणी हाक मारत नसे. आठवड्याला चिंच लावून मी तो घासायची. त्याचा प्रत्येक पोचा माझ्या हाताला माहीत होता. खाली, जाळीच्या कड्यामागं, आईच्या वेळची एक डाक होती. बंब गळायला लागला तेव्हा मुरुडच्या बाजारात तांबटानं कथील ओतून जोडलेली. वरून दिसत नसे, बोटाला लागायची.

आईच्या वर्षश्राद्धाला मी चार दिवस मुरुडला गेले. परत आले तर मोरीत बंबाच्या जागी गोल ओला डाग. बंब पत्र्याच्या खोलीत होता. धुराडं कापलेलं, सिंहाचं तोंड काढलेलं, त्या जागी पाईप. पाणी ओतायचं तोंड पितळ वितळवून, झाळून बंद. डोक्यावर ते देवघरातलं गेज.

मामंजी पुजारी देवाशेजारी उभा राहतो तसे उभे होते. चौकट जवळ नव्हती, म्हणून मिनाराला म्हणाले, "हा तर उभा बॉयलरच हाय. असल्या बॉयलरात इतकी वर्षं नुसतं अंघोळीचं पाणी तापवलं म्हणावं."

संध्याकाळी मी यांना सांगितलं. हे म्हणाले, "म्हातारपणचा नाद हाय दादांचा. जाऊ दे ना. गिझर आणू."

"गिझर माझ्या आईनं दिला न्हवता," मी म्हणाले.

गिझर आला. आमच्याकडं नळाला आठ-दहा दिवसांनी पाणी यायचं, तेही अंगणातल्या हौदात. बाथरूमच्या तोटीतून धार कधी आलीच नाही. गिझर नुसता लाल दिवा लावून भिंतीवर बसला. आणि पिंपातल्या प्यायच्या पाण्यातून मामंजी रोज दोन कळशा हैदराबादला नेत.

रागानं अबोला धरावा, तर धरायचा कसा? बोलतच कुठं होतो. मी मग बांगड्या आवरल्या. कोपरापर्यंत सारून घट्ट बसवल्या, म्हणजे हलायच्या नाहीत. चौकट विचारायची, मी गप्प. चहा करून स्वयंपाकाच्या ओट्यावर ठेवायची, पण झाला म्हणून वाजवायची नाही. पुष्कळदा ते गारच प्यायले. त्यांनी तक्रार केली नाही. त्यामुळं राग आणखी वाढला.

शहर पुरं झालं. एका शाळेतले मास्तर येऊन बघून गेले आणि विज्ञान प्रदर्शनात ठेवू म्हणाले. त्याआधी रविवारी घरी चालवून बघायचं ठरलं, गल्लीला बोलावून. शनिवारी दुपारी मी भाकरी थापत होते. मामंजी दारात आले. नेहमीपेक्षा जास्त वेळ उभे राहिले.

"विचारा म्हणावं," ते चौकटीला म्हणाले, "बंबाला कधी डाक दिली हाय का? गार पाण्यावर दाब देऊन बघितला, थेंब आला न्हाई. पण कड्यामागचं मला दिसत न्हाई. कथील असलं तर ऊन वाफंला टिकत न्हाई. असली तर पितळंनं झाळून घेतो, एका दिवसाचं काम हाय."

माझे हात पिठात होते. बांगड्या कोपरावर होत्या. एक सैल करायला काही वेळ लागला नसता. मी भाकरी तव्यावर टाकली, पाणी फिरवलं, उलटली. ते उभेच होते.

"न्हाई म्हणायची," ते शेवटी म्हणाले, आणि गेले.

त्यांना लागावं असं माझ्या मनात नव्हतं. नुसतं बंद पडावं, सगळ्यांसमोर, एवढंच होतं. वाफ काय करते ते मला कळत नव्हतं असं मी यांना सांगू शकले असते. पण आताच तर त्यांनी चौकटीला सांगितलं होतं.

रविवारी सकाळी हैदराबाद खोलीतून अंगणात मांडलं आणि अंगण भरलं. शेजारच्या काशीबाई म्हणाल्या, "बॉयलरमामा, आमचं बी तिकीट काढा की हैदराबादचं."

"आधी पाय पुसून या. हैदराबादेत चिखल न्हाई," मामंजी म्हणाले. सगळे हसले. त्यांनी धुतलेलं धोतर नेसलं होतं. माझ्याच तुराट्या माझ्याच बंबात घातल्या आणि जाळ केला. मी मोरीच्या दाराशी उभी होते.

गेजचा काटा हलला. इतकी वर्षं तो शून्यावरच घासला होता मी. तो हलतो हे बघून अंगावर काटा आला. मग साखळी सरकली. ट्राम पुलावर चढली. चारमिनारची चारही घड्याळं एकदम चालायला लागली. वर कंदिलांची जहाजं दांड्यांवर फिरू लागली, आपापल्या धुराड्यांतून फुस् फुस् करत, आणि सगळ्या पितळेवर सकाळचं ऊन. मला ते आवडलं. तसं लिहायला जड जातं, पण आवडलं. एवढं माझ्या बंबात होतं हे मला माहीत नव्हतं.

मामंजींनी भोंगा ओढला. तो वाजत असतानाच खालून दुसरा आवाज आला, कापड फाटल्यासारखा.

डाक सुटली होती. वाफ आणि उकळतं पाणी जाळीखालून बाहेर आलं. लोक मागं पळाले. मामंजी पुढं गेले. वाफेतच हात घालून त्यांनी दाब सोडायची तोटी मोकळी केली, उरलेला दाब वर सोडून दिला आणि मगच मागं बसले. उजवा हात कोपरापर्यंत आणि एक पाऊल भाजलं. ओरडले नाहीत. हे आणि गल्लीतले लोक विचारत होते काय झालं, तर म्हणाले, "माझी चूक. जोड मी बघायला पाहिजे होता."

दवाखान्यातून आणल्यावर मलम लावायचं काम माझ्याकडं आलं. दुसरं कोण होतं? त्यांच्या हाताला मी पहिल्यांदा हात लावला. ते चौकटीकडं बघत बसायचे. "हळू म्हणावं," एवढंच. मी हळू लावायची. पदर पुढं ओढलेला, बांगड्या अजून कोपरावर.

महिन्याभरानं त्यांनी बंब उलटा करून कडं कापलं. संध्याकाळी दारात आले. डावा हात चौकटीला टेकलेला.

"डाक जुनी हाय," ते म्हणाले. "मुरुडकडच्या हाताची."

मी लसूण सोलत होते.

"घासणाराला माहीत असती," ते म्हणाले.

त्यांनी ते यांना सांगितलं नाही. पूजालाही नाही. सांगितलं असतं तर बरं झालं असतं. भांडण झालं असतं, मी बंबाचं बोलले असते, कुणीतरी रडलं असतं. त्यांनी मला तेवढीही सोय ठेवली नाही. त्याऐवजी डाव्या हातानं, दोन महिने खपून, त्यांनी बंबाचा परत बंब केला. डाक खरवडून पितळेनं झाळली. पाणी ओतायचं तोंड मोकळं केलं, सिंहाचं तोंड बसवलं. कापलेलं धुराडं कधीच कुठल्या जहाजात पत्रा म्हणून वापरून झालं होतं, म्हणून चारमिनारचा एक मिनार काढून तो धुराडं म्हणून लावला. एका सकाळी मी उठले तर बंब मोरीत आपल्या जागी होता, पाण्यानं भरलेला, खाली तुराट्या रचून ठेवलेल्या.

हैदराबाद तीन मिनारांवर तसंच राहिलं. मास्तर प्रदर्शनाचं विचारायला आले तेव्हा मामंजी म्हणाले, "बॉयलर न्हाई." मी आतून ऐकलं. बंब न्या, असं मी म्हणू शकले असते. पहिल्या हिवाळ्यात म्हटलं नाही, दुसऱ्यातही नाही. माझा होता तो. पण शेवटचं पाणी घेताना आता पूर्वीसारखं वाटत नसे. धुराड्याकडं नजर जायची.

दुसऱ्या हिवाळ्याच्या शेवटी ते गेले. सकाळी चहा ओट्यावर तसाच राहिला, एवढंच. बाहेर माणसं जमली, कुणी बांबू आणायला गेलं. शेवटच्या अंघोळीला पाणी तापवायचं होतं. मी बंब पेटवला. मिनारातून धूर निघायला लागला. मोरीचं दार उघडं होतं आणि तिथून स्वयंपाकघराची चौकट दिसत होती; त्यांचा हात टेकायचा तिथं लाकूड काळं झालेलं.

पाणी तापायला वेळ होता. मी चौकटीसमोर जाऊन उभी राहिले. कोपरावरच्या बांगड्या खाली घेतल्या.

"डाक होती, मामंजी," मी म्हणाले. "मला माहीत होतं. माझ्यावर राग होता का तुमचा?"

चौकटीवर काही वाजलं नाही. आमच्या घरात त्याचा अर्थ नाही असा होतो. तो किती खरा असतो, हे माझ्याइतकं कुणाला माहीत असणार?

बाहेरून यांनी विचारलं, पाणी झालं का. मी बांगड्या वाजवल्या आणि बादली नळाखाली धरली.