पिंजऱ्यामागची खुर्ची

तिला सगळे भिंगरी म्हणायचे. दारात उभी राहिली तर मागचं काही दिसायचं नाही, आणि नाव काय, तर भिंगरी! पण हातोडा घेऊन गरगरायला लागली, की हसणाऱ्यांची दातखीळ बसायची. हातोडा तरी कसला? खिळा ठोकायच्या कामाचा नाही. लोखंडी गोळा, त्याला तार, तारेला मूठ. सिमेंटच्या वर्तुळात फिरायचं आणि नेमक्या क्षणी सोडून द्यायचा. भोवती जाळीचा पिंजरा असतो, नाहीतर गोळा कुणाच्या टाळक्यात बसायचा.

नवरा शिंपी. तिचा चामडी हातमोजा सारखा फाटायचा आणि तो सारखा शिवायचा. "एवढे टाके मी नवरदेवाच्या सुटालाही घालत नाही," असं कुरकुरत पुन्हा दोरा ओवायचा.

दोन वर्षांपूर्वी राष्ट्रीय संघाच्या निवड चाचणीत तिनं आयुष्यातली सर्वांत लांब फेक केली. समोर नवरा दोन्ही हात वर करून नाचत होता. त्याला बघून ही वेडी वर्तुळातून सरळ पुढे धावली. झालं! फेकीनंतर वर्तुळाच्या मागच्या बाजूनंच बाहेर पडायचं, हे या खेळातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. पंचांनी लाल झेंडा दाखवला. फेक बाद झाली आणि संघ तिच्याविना गेला.

नवऱ्याला आठवडाभर घास गोड लागला नाही. मग एके दिवशी त्यानं दुकानातली डुगडुगती खुर्ची मैदानावर नेली आणि पिंजऱ्याच्या मागे मांडली.

"अहो, इथून काय दिसणार? गोळा तिकडे पडतो."

"न दिसू दे. माझ्याकडे पळत यायचं तर मागूनच ये."

तेव्हापासून रोज संध्याकाळी तो तिथे बसू लागला. तिची पाठ आणि जाळी, एवढंच त्याच्या वाट्याला. तिला शिकवणारे मास्तर चिडवायचे, "जावईबापू, नाटकाला येऊन पडद्यामागे बसलात की हो!"

यंदाची चाचणी शेवटची. गुडघे पुढच्या वर्षी ऐकणार नाहीत, हे तिला कळत होतं. शेवटच्या फेकीला ती फिरली, तार ताणली गेली आणि मूठ सुटताक्षणीच तिला समजलं. लोक ओरडले. पाय पुढे जायला शिवशिवत होते. आनंदानं छाती फुटेल असं वाटत होतं, तरी ती गोळा पडेपर्यंत जागची हलली नाही. मग वळली आणि मागून बाहेर पडली. पांढरा झेंडा वर गेला. संघातली जागा पक्की झाली.

नवरा जाळीला नाक लावून उभा होता.

"कितीवर गेला गं?"

"पुरला," ती हसत म्हणाली, आणि रडायलाच लागली. "चला आता, दाखवते."

चाचणी आटोपल्यावर दोघं मैदानात गेली. गोळ्यानं गवतात खोल खड्डा पाडला होता. तो उकिडवा बसला आणि त्यानं खड्ड्यात हात घातला. हात काही बाहेर येईना.

"अहो, उठा. लोक बघतायत."

"बघू देत," तो म्हणाला. "दोन वर्षं मी कुठे काय बघितलंय?"