नंदिनीच्या वाट्याचा मोहा

नंदिनी नेमकं काय करते, हे तिच्या आईलाही सांगता येत नाही. चित्रं काढते, नाटकं बसवते, वडिलांकडून आलेल्या गळ्यानं भीमगीतं गाते आणि गावोगावच्या मीटिंगांना जाते. आमच्या गावात, गोंडपिपरीत, कुणी विचारलंच तर आई म्हणते, "पोरगी लोकाइच्या भानगडीत राह्यते." मी तिचा ढोलकीवाला. माझं मतही आईसारखंच आहे, पण नंदिनीला नाही म्हणणं मला आजवर जमलेलं नाही.

गेल्या उन्हाळ्याआधी तिनं मला राजुऱ्यापलीकडच्या जंगलात, एका गोंड गावी नेलं. खाणीच्या रस्त्यासाठी तिथली मोहाची झाडं तोडायची होती. ग्रामसभेत कुणी हरकत घेतली नाही, तर गावाची संमती धरली जाणार होती. मोहफुलं वेचणाऱ्या बाया, आणि सभेत तोंडाला कुलूप लावून बसणाऱ्याही त्याच. नंदिनी म्हणाली, नाटक बसवू. एकेक बाई एकेक झाड होईल, झाडाच्या तोंडून बोलेल, म्हणजे भीड मोडेल.

आवाज पाहून तिनं भूमिका वाटल्या. नाल्याकाठचा जुना मोहा त्या बायांतल्या रीनाला दिला, कारण तिचा आवाज खणखणीत. रीनानं पहिलं वाक्य म्हटलं आणि सगळ्या बाया उठून घरी चालत्या झाल्या. उरलो आम्ही दोघं आणि ढोलकी.

त्या गावात प्रत्येक मोहा कुठल्या ना कुठल्या घराचा असतो. त्याखालचा पाला ते घर झाडतं, फुलंही तेच वेचतं. दुसऱ्याच्या झाडाखाली कुणी टोपली ठेवत नाही. नाल्याकाठचा मोहा होता रुखमाबाईच्या घरचा. म्हातारी नंदिनीला एवढंच म्हणाली, "माह्या झाडाच्या तोंडून रीना काऊन बोलून राह्यली?"

मी म्हटलं, चला, बिऱ्हाड आवरा. नंदिनी मात्र कान पकडत घरोघरी फिरली. मग जिचं झाड तिचीच भूमिका, असं ठरलं. रुखमाबाईचा आवाज इतका बारीक, की ती बोलायला लागली की मला ढोलकी थांबवावी लागे. तरी नंदिनी तिला 'जोरात बोला' असं कधीच म्हणाली नाही. जवळ जाऊन ऐकायची. खरं सांगतो, तेव्हा मला तिचा फार अभिमान वाटला.

ग्रामसभेच्या दिवशी आम्ही बाहेरगावचे म्हणून मांडवाबाहेर उभे. संमती लिहून घ्यायला आलेल्या साहेबांनी विचारलं, "कुणाची हरकत आहे?" पुरुष जमिनीकडे पाहू लागले. साहेबांनी पेन उघडलं. नंदिनीनं माझं मनगट बांगड्या भरणाऱ्या कासारासारखं घट्ट दाबलं.

तेवढ्यात रुखमाबाई उठली. नाटकात घ्यायची तसा पदर डोक्यावर घेतला आणि म्हणाली, "मी नाल्याकाठचा मोहा. मले तोडाचं नाई."

आवाज तेवढाच बारीक होता, पण ऐकण्यासाठी सगळा मांडव गप्प झाला. मग रीना उठली, तिच्या घरचं झाड होऊन. मग बाकीच्या. ठराव झाला, झाडं तोडायची नाहीत.

निघताना रुखमाबाईनं नंदिनीला नाल्यावर नेलं. जुन्या झाडाशेजारी कमरेएवढा मोहा उभा होता.

"हा तुहा," म्हातारी म्हणाली. "फुलं याले लई वर्सानं येतीन. पाला मात्र आतापासून झाड. अन् पुढच्या सभेले बाहेर नको उभी राहू. आता तुहंबी झाड हाये."

कुठल्याही साहेबापुढे न डगमगणारी आमची नंदिनी तिथंच बसून ढसाढसा रडली. ढोलकी, रंगांचे डबे, सगळं गाडीपर्यंत मला एकट्यालाच न्यावं लागलं, कारण ती पाला झाडत होती.