वऱ्हांड्यातला फळा

शाळेचा कच्चा नकाशा हाती आला की वासनिकसाहेब आधी लाल पेन्सिलीने वऱ्हांडा खोडत. भिलाईत तेव्हा पोलाद कारखान्याच्या भट्ट्या उभ्या राहत होत्या, त्यांच्यामागे कामगारांच्या वसाहती आणि वसाहतींमागे शाळा. त्या शाळांचे आर्किटेक्ट ते, आणि मी त्यांचा ड्राफ्ट्समन. वऱ्हांडा मी काढायचा, त्यांनी खोडायचा, असा आमचा संसार चालला होता.

"साहेब, उन्हाळ्यात लेकरं भाजून निघतीन," मी म्हणत असे.

"शाळा म्हंजे आतली खोली. भायेर काहीच नाही पायजे," हे त्यांचं ठरलेलं उत्तर. माणूस हुशार, मोजमापाला काटेकोर. या एका बाबतीत मात्र पालथ्या घड्यावर पाणी.

व्हायचं तेच झालं. पहिल्याच शाळेत चैत्रात भिंती तापल्या आणि दोन मुलं भोवळ येऊन पडली. वरिष्ठांनी साहेबांना बोलावून सांगितलं, यापुढे वऱ्हांडे काढा, नाहीतर शाळांचं काम दुसऱ्याकडे जाईल. साहेब टेबलाशी परत आले आणि म्हणाले, "जाऊ दे. मी काई वऱ्हांडा काढत नाही." शाळा म्हणजे त्यांचा जीव की प्राण. मला त्यांचा रागच आला.

दुसऱ्या दिवशी मी त्यांना बळेच त्या शाळेत नेलं. तिथल्या भोयरबाईंनी भिंतीला बांबूच्या तट्ट्या टेकवून सावली केली होती, खुर्चीवर फळा ठेवला होता आणि सगळा वर्ग बाहेर मांडला होता. साहेबांचा चेहरा काळाठिक्कर पडला.

"कावून जी बाई? या लेकरायले भायेर कावून बसवलं?"

बाई जागच्या हलल्या नाहीत. "मी बी त भायेरच हाव न, साहेब. आतमंदी कोणीच नाही."

साहेबांनी खिडकीतून डोकावलं. खोली रिकामी होती. मग ते मुलांच्या मागे मातीतच बसले. खुर्चीवरच्या फळ्याकडे बघतच मला म्हणाले, "आमाले मास्तर वऱ्हांड्यात बसवत. बाकीचे आत. खिडकीतून अर्धाच फळा दिसे. उत्तर दिसे, पन गणित नाही." जात हा शब्द त्यांनी उच्चारला नाही. मलाही विचारावं लागलं नाही.

पुढचा नकाशा त्यांनी स्वतः काढला. वर्गाएवढाच रुंद वऱ्हांडा, आणि त्याच्या भिंतीत सिमेंटचा काळा फळा. "आता मास्तरले बी भायेर या लागंन," म्हणाले. नंतरच्या त्यांच्या प्रत्येक शाळेत तो फळा आहे.

साहेब जाऊन आता कितीतरी वर्षं झाली. आठवतात ते त्या नकाशावरून उभ्या राहिलेल्या शाळेच्या पहिल्या दिवशीचे. गुरुजींना त्यांनी वऱ्हांड्यातल्या फळ्यावर लांबलचक भागाकार मांडायला सांगितला होता आणि स्वतः मुलांमध्ये मांडी घालून बसले होते.

"दिसते का जी, साहेब?" मी मागून विचारलं.

त्यांनी वळूनही पाहिलं नाही. "चूप बस न," म्हणाले, "गणित सुरू हाय."