निशिकांतचा सिल्व्हानस

निशिकांत देवस्थळीला एका जागी स्वस्थ बसवत नाही. मीटिंगमध्ये तो पेनचं टोपण काढतो आणि लावतो, जेवताना मधेच उठून पंखा कमीजास्त करतो. तुआस या परदेशातल्या औद्योगिक भागात जहाजांचे व्हॉल्व्ह बनवणाऱ्या एका कारखान्यात तो क्वालिटी मॅनेजर आहे. पुण्याहून आला तेव्हा दोनतीन वर्षांचाच बेत होता. आता मुलगी ऋता पॉलिटेक्निकला जाते, पण तो अजून एम्प्लॉयमेंट पासवर, म्हणजे मुदतीच्या नोकरी-परवान्यावरच आहे. पीआरचा, म्हणजे इथे कायम राहण्याचा अर्ज दोनदा नामंजूर झालाय.

एकच विषय त्याला खुर्चीत बसवून ठेवतो. तो म्हणजे रोमचे शेवटच्या काळातले सम्राट. सीझर वगैरे सगळ्यांना ठाऊक असतात, त्यांच्यात त्याला रस नाही. सैनिकांनी आज डोक्यावर घेतलेले आणि उद्या कापून काढलेले, ज्यांची नावंही कुणाला आठवत नाहीत, ते त्याचे सम्राट. हे वेड लागलं ते कोलोनला. कंपनीने मशिनच्या चाचणीसाठी पाठवलं होतं. मोकळ्या दुपारी तो शहराच्या पोटात, जमिनीखाली जपून ठेवलेला रोमन सुभेदाराच्या निवासाचा पाया बघायला गेला आणि तिथे त्याने सिल्व्हानसचं नाव पहिल्यांदा वाचलं. तेव्हापासून त्याच्या वस्तीतली, बुकित पंजांगमधली सातआठ मराठी घरं महिन्यातल्या एका रविवारी कुणाच्या तरी कॉन्डोच्या फंक्शन रूममध्ये जमतात. पोहे होतात, चहा होतो आणि निशिकांत एका सम्राटाची गोष्ट सांगतो.

गेल्या वर्षी त्याच्या पासच्या नूतनीकरणाची वेळ जवळ आली होती. तेव्हाच त्याच्या हाताखालचा अश्विन एकदा कॅन्टीनमध्ये शेजारी येऊन बसला.

"सर, तुम्हाला म्हणून सांगतो. माणसं शोधून देणाऱ्या एका एजन्सीकडे आपल्या कंपनीची मागणी गेलीये. सीनियर माणूस हवाय, आणि तोही गुपचूप."

"कुठल्या जागेसाठी?"

"ते लिहिलेलं नाही. पण तुम्हीच विचार करा ना."

निशिकांतने विचार केला आणि मग तो थांबवणं त्याच्या हातात राहिलं नाही. त्याचे साहेब मिस्टर कोह दर शुक्रवारी त्याला घेऊन हॉकर सेंटरला, तिथल्या खाण्याच्या टपऱ्यांवर जेवायला जात, ते बंद झालं होतं. हेड ऑफिसच्या दोन मेलमध्ये त्याचं नाव नव्हतं. कॉरिडॉरमध्ये कोहसाहेब त्याला बघून फोन कानाला लावत. प्रत्येक गोष्टीला त्याने अर्थ लावला आणि प्रत्येक अर्थ तिथेच जाऊन पोचला.

"सरळ जाऊन विचार ना त्यांना," त्याची बायको उल्का म्हणाली. ती वन-नॉर्थमध्ये एका संशोधन संस्थेचे हिशेब बघते आणि गोष्टी ताणून धरणं तिला जमत नाही.

"विचारलं की त्यांना कळणार, मला कळलंय."

"मग कळू दे."

"तुला दरबार ठाऊक नाही, उल्का."

"दरबार? अरे, व्हॉल्व्हची फॅक्टरी आहे ती!"

पुढचं त्याने उल्कापासून लपवलं. पलीकडच्या गल्लीतल्या एका नव्या कंपनीला माणसं हवी होती. निशिकांतने टीममधल्या तिघांना घेऊन एकदम राजीनामा द्यायचा आणि त्याआधी दोन मोठ्या गिऱ्हाइकांना फोन करून आपल्याबरोबर वळवायचं, असा अश्विनचा बेत होता. "सर, तुम्ही पुढे झालात तर सगळे येतील." हे ऐकताना निशिकांतला भीती वाटली, आणि खरं सांगायचं तर छातीही फुगली. सोमवारी सकाळी फोन करायचे ठरले.

मधल्या रविवारी गोष्टीची पाळी होती. सिल्व्हानस सांगायचं महिन्यापूर्वीच कबूल केलं होतं.

त्याने उभ्यानेच सुरुवात केली. चौथं शतक, सम्राट कॉन्स्टँटियस, हलक्या कानाचा. सिल्व्हानस हा त्याचा निष्ठावान सेनापती. तो जन्माने फ्रँक, म्हणजे रोमनांच्या लेखी परकाच, पण त्याचा बापही रोमसाठी लढलेला. दरबारातल्या एका बड्या सरदाराने त्याला दूर गॉलच्या मोहिमेवर धाडायची व्यवस्था केली. तो तिकडे लढत असताना मिलानच्या दरबारात एका कारकुंड्याने त्याच्या जुन्या पत्रांमधला मजकूर पुसला, सही तेवढी ठेवली आणि वर राजद्रोह लिहून टाकला.

"बापरे! मग?" विश्वास म्हणाले. निवृत्त बँकर, नेहमी पहिल्या रांगेत.

"मग कोलोनला सिल्व्हानसच्या कानावर आलं की आपल्यावर बालंट आलंय. आधी त्याला वाटलं, आपल्या फ्रँक लोकांत पळून जावं. एका मित्राने सांगितलं, ते तुला मारतील, नाहीतर विकतील. इकडे सम्राट सोडणार नाही, तिकडे आपले ठेवणार नाहीत. म्हणून त्याने अधिकाऱ्यांना मोठमोठी आश्वासनं दिली, निशाणांचं जांभळं, म्हणजे सम्राटाच्या रंगाचं कापड फाडून अंगावर घेतलं आणि स्वतःला सम्राट म्हणवलं. जो आरोप खोटा होता, तो त्याने स्वतःच खरा करून दाखवला."

"अहो, पण मिलानमध्ये कुणाला संशय आला नाही का?"

"आला. एका अधिकाऱ्याला त्या पत्रांवर पुसलेली जुनी अक्षरं दिसली. दरबाराला कळलं होतं की सिल्व्हानस..."

तो थांबला. पाण्याचा ग्लास उचलला, न पिताच ठेवला. लोकांना वाटलं, पुढचं विसरला.

"...निर्दोष आहे. पण ती बातमी त्याच्यापर्यंत पोचली नाही. पोचायच्या आत त्याने बंड केलं होतं. महिनाभरही टिकला नाही. प्रार्थनेला जाताना त्याच्याच सैनिकांनी पैसे खाऊन त्याला मारलं." शेवट त्याने कसाबसा उरकला आणि चहाला न थांबता बाहेर पडला.

उल्काने त्याला एलआरटी स्टेशनवर गाठलं. समोर आलेल्या गाडीत दोघं चढली. ही गाडी वस्तीभोवती गोल फिरते. बिल्डिंगच्या अगदी जवळ आली की लोकांच्या घरात दिसू नये म्हणून तिच्या काचा आपोआप धूसर होतात. पहिल्या फेरीत निशिकांतने तिला सगळं सांगितलं. दुसऱ्या फेरीत ती बोलली.

"मला न सांगता? ऋताचं शिक्षण अर्ध्यावर आहे. आणि कंपनीची गिऱ्हाइकं पळवणार होतास? तू?"

"मला काढणारच असतील तर..."

"असतील तर. अजून तुला माहीतच नाही, निशिकांत."

काच धूसर झाली, पुन्हा स्वच्छ झाली.

सोमवारी त्याने अश्विनला फोन करायला मनाई केली आणि कोहसाहेबांच्या केबिनचं दार वाजवलं. उभ्याउभ्याच विचारलं, "माझ्या जागेसाठी माणूस शोधताय का?"

कोहसाहेबांनी हातातला फोन टेबलावर ठेवला. मग म्हणाले, "तुझ्या नाही, माझ्या. हेड ऑफिसला तरुण माणूस हवाय. मला वाटलं, त्यांनी तुला विचारलंय आणि तू माझ्यापासून लपवतोयस."

"मी?"

"तू आजकाल माझ्याशी बोलत नव्हतास."

"तुम्ही बोलत नव्हता!"

दोघांनाही हसू आलं नाही. कोहसाहेबांनी खुर्ची पुढे केली आणि निशिकांत बसला.

पुढे सगळं सुरळीत झालं असं नाही. काही महिन्यांत कोहसाहेबांना जावंच लागलं. अश्विन दोघांना घेऊन त्या नव्या कंपनीत गेला. त्याचं तिथे बरं चाललंय आणि दिवाळीला त्याचा मेसेजही आला. निशिकांतचा पास वाढवून मिळाला. नवे साहेब त्याच्यापेक्षा बारा वर्षांनी लहान, विनम्र, आणि त्यांच्या मनात काय आहे याचा कुणालाच पत्ता लागत नाही. पहिल्याच आठवड्यात त्यांनी प्रत्येक विभागाचा आढावा मागवला. आढावा कशासाठी, हे सांगितलं नाही.

त्या संध्याकाळी निशिकांत घरी येऊन स्वयंपाकघरात येरझाऱ्या घालू लागला. ऋता कॉफी करत होती.

"Baba, sit down lah. You're making me dizzy."

"नवीन साहेबांनी आढावा मागवलाय."

"So ask him why."

"उद्या विचारणार आहे," तो म्हणाला आणि तरीही चालत राहिला. ऋताने त्याच्यासाठीही एक कप भरला आणि फेरी घालत तो दाराशी येईल तेव्हा हातात देता यावा म्हणून तिथे उभी राहिली.